'संहार', 'प्रलय' आणि 'विसर्जन'

गेल्या पावसाळ्यांत आमच्या एका स्नेह्यांनीं एक हस्तलिखित आमच्याकडे अभिप्रायार्थ पाठविलें. सिमोन वेल या फ्रेंच विदुषीच्या टिपणवह्यांतील निवडक उताऱ्यांचें तें मराठी भाषांतर होतें. काम परिश्रमपूर्वक केलेलें, भाषा शुद्ध, आणि मुळाशीं इमान राखण्याची धडपड पानोपानीं दिसणारी. परंतु एका प्रकरणाचा मथळा वाचतांच आम्ही थबकलों. मथळा होता 'संहार'. मुळांत त्या ठिकाणीं 'देक्रेआसिओं' हा शब्द आहे. 'क्रेआसिओं' म्हणजे निर्मिति. आणि त्याच्या आधीं जोडलेला 'दे' हा उपसर्ग केलेलें उकलण्याचा, घातलेली गांठ सोडण्याचा अर्थ दाखवितो. आमच्या स्नेह्यांनीं असा विचार केला असावा कीं, ब्रह्मदेव उत्पत्ति करतो, विष्णु पालन करतो आणि शंकर संहार करतो. तेव्हां उत्पत्तीच्या उलट तो संहार. हिशेब वरवर चोख आहे. तरी पण हा एक शब्द तसाच छापला गेला तर सबंध पुस्तकाचा अर्थ पालथा होईल, असें आम्हांस वाटलें आणि अजूनहि वाटतें. त्यांस जें पत्रानें कळविलें तेंच थोडें विस्तारून येथें मांडीत आहों. कारण प्रश्न एका हस्तलिखितापुरता नाहीं. सृष्टि उलगडून मूळपदीं नेणें या कल्पनेसाठीं आपल्या भाषेंत एक सोडून पांच-सहा शब्द आहेत, आणि ते आपण आज कसे वापरतों हें एकदां पाहून घेण्यासारखें आहे.

प्रथम मूळ लेखिकेविषयीं चार शब्द. सिमोन वेल हिचा जन्म पॅरिस येथें १९०९ सालीं झाला. तत्त्वज्ञान शिकविणारी ही शिक्षिका १९३४-३५ सालीं आपण होऊन कारखान्यांत मजूर म्हणून राबली, १९३६ सालीं स्पेनच्या यादवी युद्धांत गेली, आणि फ्रान्स जर्मनांच्या हातीं पडल्यावर मार्सेय शहरीं आश्रयास आली. तेथें रने दोमाल या कवीच्या साहाय्यानें ती संस्कृत शिकली. तिचा वडील भाऊ आंद्रे हा पुढें जगद्विख्यात झालेला गणिती; तो १९३० ते १९३२ या काळांत अलीगढच्या विद्यापीठांत प्राध्यापक होता आणि गीतेचा भोक्ता होता. बहिणीला गीतेची जी ओढ लागली ती अशी घरांतूनच. १९४२ सालीं अमेरिकेस निघतांना तिनें आपल्या वह्या ग्यूस्ताव तिबों या मित्राच्या स्वाधीन केल्या. त्यांतून वेंचे काढून, त्यांस मथळे देऊन तिबोंनें १९४७ सालीं जें पुस्तक प्रसिद्ध केलें त्यानें तिचें नांव सर्वत्र झालें. तोंपर्यंत तिला जाऊन चार वर्षें लोटलीं होतीं. 'देक्रेआसिओं' हा शब्द तिच्या वह्यांतला खरा, परंतु तो एका प्रकरणाच्या शिरोभागीं बसला तो तिबोंच्या हातानें. पुढें १९५१ सालीं वॉलेस स्टीव्हन्स या अमेरिकन कवीनें काव्य आणि चित्रकला यांच्या संबंधाविषयींच्या निबंधांत तो उचलला, आणि २००५ सालीं अ‍ॅन कार्सन या कॅनडियन कवयित्रीनें आपल्या एका पुस्तकालाच तें नांव दिलें.

शब्दाचा आशय असा. सिमोन वेलच्या मतें ईश्वरानें सृष्टि केली म्हणजे तो वाढला नाहीं, उलट तो आंखडला. सर्व कांहीं तोच असतां तो मागें सरला, जागा मोकळी केली, आणि त्या मोकळ्या जागेंत हें जग उभें आहे. (सोळाव्या शतकांत गॅलिलींतील साफेद गांवीं आयझॅक लूरिया या यहुदी गूढवाद्यानें शिकविलेला सिद्धांत याच्याशीं फार मिळता आहे.) ईश्वरानें एवढें औदार्य दाखविलें असतां त्या जागेंत पाय पसरून बसला आहे कोण? तर 'मी'. तेव्हां ईश्वरानें आपल्यासाठीं जें केलें तेंच आपण त्याच्यासाठीं करावयाचें : आपखुषीनें मागें सरावयाचें. निर्माण झालेली वस्तु अशा रीतीनें अनिर्मिताच्या पोटीं परत जाते, आणि याचें नांव 'देक्रेआसिओं'. याच्या अगदीं शेजारीं तिनें दुसरा शब्द ठेवला आहे, तो म्हणजे नाश. नाशांतहि निर्माण झालेली वस्तु जाते, पण जाते ती शून्याकडे. पहिलीची ही दुसरी नक्कल होय, आणि नक्कल खपून जाते म्हणूनच ती अपराधी होय, असा तिचा रोख आहे. कारखान्यांत तिनें पाहिलें होतें कीं, भूक, अपमान आणि यंत्राची गति माणसाच्या 'मी'चा बाहेरून चुराडा करतात. आणि असा चुराडा झालेल्या माणसापाशीं अर्पण करण्यास मग कांहीं उरतच नाहीं. दुसऱ्यानें हिसकावून नेलेली वस्तु दान कशी करावी?

हें लक्षांत घेतलें म्हणजे 'संहार' हा मथळा कां खटकतो तें निराळें सांगावयास नको. आजच्या मराठींत संहार म्हणजे कत्तल. नरसंहार, राक्षसांचा संहार, शत्रुसैन्याचा संहार. लेखिकेनें जी नक्कल म्हणून बाजूस सारली, नेमकें तिचेंच नांव आमच्या स्नेह्यांनीं अस्सलाच्या कपाळीं चिकटविलें.

आतां त्यांच्या बाजूनेंहि बोललें पाहिजे, कारण त्यांची चूक मराठीची आहे, संस्कृताची नव्हे. संस्कृतांत 'सम्' आणि 'हृ' मिळून होणाऱ्या या शब्दाचा पहिला अर्थ एकत्र ओढून घेणें, आवरणें, मिटणें असा आहे. गीतेच्या दुसऱ्या अध्यायांत कासव आपले अवयव आंत ओढून घेतें तेथें क्रियापद हेंच आहे, आणि त्यांत कासवाचा केंसहि वांकडा होत नाहीं. कालिदासाचें 'ऋतुसंहार' ग्रीष्मापासून वसंतापर्यंत सहा ऋतु एका ठिकाणीं गोळा करतें, त्यांची कत्तल करीत नाहीं. भट्टनारायणाचें 'वेणीसंहार' परशुरामतात्या गोडबोले यांनीं मराठींत आणलें. त्याचें नांव ऐकून द्रौपदीची वेणी कोणी कापली असावी अशी समजूत करून घेतलेले पदवीधर आम्हीं पाहिले आहेत. तेथें संहार म्हणजे सुटलेले केंस एकत्र करून बांधणें. भीमाचे हात त्या वेळीं रक्तानें माखलेले असतात ही गोष्ट वेगळी. मराठी अर्थाला आधार मिळाला असेल तर त्या रक्ताचा. वाल्मीकीच्या बालकांडांत विश्वामित्र रामास अस्त्रें देतो तेव्हां राम लगेच त्या अस्त्रांचा संहारहि शिकवा म्हणून मागतो. म्हणजे सोडलेलें अस्त्र परत कसें घ्यावें हें विचारतो. अश्वत्थाम्यापाशीं ही दुसरी विद्या नव्हती, आणि भारतीय युद्धाचा शेवटचा अनर्थ, पांडवांच्या स्त्रियांच्या गर्भांवर आलेला, तिच्याच अभावीं झाला. ज्याला संहार येत नाहीं त्याच्या हातून नाश होतो, असें म्हणण्याइतके हे दोन अर्थ येथें एकमेकांच्या उलट उभे आहेत.

परंतु सर्वांत बोलकें स्थळ 'कुमारसंभवा'च्या तिसऱ्या सर्गांत आहे. शंकराचा तिसरा डोळा उघडला आहे, आकाशांतून देव 'संहर, संहर' म्हणून ओरडत आहेत. आणि ते शब्द खालीं पोहोंचेपर्यंत मदनाची राख झालेली आहे. देव मागत आहेत तो क्रोधाचा संहार, म्हणजे आवर घालणें. घडला तो मदनाचा संहार, आपल्या रोजच्या अर्थानें. एवढ्या थोड्या अंतरांत एका शब्दाचें सारें पुढील चरित्र आलें आहे असें आम्हांस नेहमीं वाटत आलें आहे.

मराठीनें या शब्दाचा जुना अर्थ अगदींच टाकला असेंहि नाहीं. तो 'उप' या उपसर्गाच्या आडोशाला सुखरूप राहिला आहे. आपला प्रत्येक ग्रंथकार शेवटच्या प्रकरणांत उपसंहार करतो आणि त्यांत रक्ताचा थेंबहि सांडत नाहीं. पण नुसता 'संहार' मात्र गेला तो गेलाच. तो परत आणावयाचा तर प्रत्येक वेळीं तळटीप द्यावी लागेल, आणि मथळ्याला तळटीप लागली कीं मथळा मेला.

मग 'प्रलय' कां नको? या शब्दाचें मूळ तर अगदीं अनुकूल आहे. 'ली' म्हणजे विरघळणें, चिकटून एक होणें. गीतेच्या आठव्या अध्यायांत ब्रह्मदेवाची रात्र येतांच सर्व व्यक्त वस्तु अव्यक्तांत विरून जातात, तेथें क्रियापद याच धातूचें आहे. पुराणांनीं या विरण्याचे नित्य, नैमित्तिक, प्राकृतिक आणि आत्यंतिक असे चार प्रकार केले. नैमित्तिक प्रलय ब्रह्मदेवाचा एक दिवस संपल्यावर, म्हणजे एक हजार चतुर्युगांनीं, मानवी मापानें ४,३२,००,००,००० वर्षांनीं. प्राकृतिक प्रलयांत पृथ्वी पाण्यांत, पाणी तेजांत, तेज वायूंत, वायु आकाशांत असें सारें उलट्या क्रमानें परत जातें. ब्रह्मसूत्रांत या उलट्या क्रमासाठीं एक स्वतंत्र सूत्र आहे, आणि त्यावरील भाष्यांत शंकराचार्यांनीं दिलेला दृष्टांत घरगुती आहे : जिना ज्या पायऱ्यांनीं चढावा त्यांच्याच उलट क्रमानें उतरावा लागतो. यांत मोडतोड कोठें आहे? वरच्या मजल्यावरून खालीं येणाऱ्यानें जिना पाडलेला नसतो.

भरतानें तर हाच शब्द आठ सात्त्विक भावांच्या शेवटीं ठेवला. स्तंभ, स्वेद, रोमांच, स्वरभंग, वेपथु, वैवर्ण्य, अश्रु आणि प्रलय. येथें प्रलय म्हणजे भावनेच्या भरांत भान हरपणें. गीतेच्या चौदाव्या अध्यायांत एका देहधाऱ्याच्या साध्या मरणालाहि प्रलयच म्हटलें आहे. म्हणजे हा शब्द ब्रह्मांडापासून नायिकेच्या मूर्च्छेपर्यंत कोठेंहि सारख्याच सहजतेनें जात होता.

मराठींत हें सारें एका ठिकाणीं पाहावयाचें असेल तर 'दासबोधा'च्या दहाव्या दशकांतील पांचवा समास उघडावा. समर्थ पुराणांचे चार सोडून पांच प्रळय सांगतात, आणि आरंभ करतात तो कल्पांतापासून न करतां रोजच्या झोंपेपासून. पिंडाचे दोन : निद्रा आणि मरण. ब्रह्मांडाचे दोन : ब्रह्मदेवाची निद्रा आणि ब्रह्मदेवाचें मरण. आणि पांचवा विवेकप्रळय. हा पांचवा जिवंतपणीं, जागेपणीं, आणि आपण होऊन करावयाचा. सतराव्या शतकांतल्या या मराठी जोडशब्दाजवळ विसाव्या शतकांतला तो फ्रेंच शब्द ठेवून पाहिला तेव्हां आम्ही क्षणभर असेंच समजलों कीं शोध संपला. आमच्या स्नेह्यांसहि पहिल्या पत्रांत आम्हीं हाच शब्द सुचविला होता, हें कबूल केलें पाहिजे.

नंतर आमचें मत बदललें, आणि त्याला कारणें दोन. पहिलें आजच्या वापराचें. प्रलय म्हणतांच आज मराठी माणसाच्या डोळ्यांपुढें पाणी उभें राहतें. १२ जुलै १९६१ रोजीं पानशेतचें धरण फुटून पुणें शहरांत जें पाणी शिरलें त्यासाठीं प्रलय, २६ जुलै २००५ रोजीं मुंबईंत सांताक्रूझ येथें एका दिवसांत ९४४ मिलिमीटर पाऊस कोसळला त्यासाठीं प्रलय, आणि हल्लीं तर गटार तुंबून रस्त्यावर गुडघाभर पाणी सांचलें तरी महाप्रलय. 'महा' लावण्याची ही खोड शब्दाचें अवमूल्यन झाल्याची उघड खूण आहे. नाणें हलकें झालें म्हणजे ओंजळीनें मोजावें लागतें. दुसरें कारण अधिक खोल आहे. विवेकानें ज्याचा लय होतो तें मुळांत नव्हतेंच. दोरीवर दिसलेला साप दिवा आणतांच जातो तशी ही गोष्ट आहे. सिमोन वेलच्या लेखीं 'मी' हा भास नव्हे. ती ईश्वरानें खरोखर दिलेली वस्तु आहे, माणसाच्या मालकीची अशी ती एकच वस्तु आहे, आणि म्हणूनच ती परत करण्याला मोल आहे. खोटें ओळखणें वेगळें आणि खरें देऊन टाकणें वेगळें. दोन्ही वाटा एका ठिकाणीं पोहोंचतात कीं नाहीं हा वेदान्त्यांनीं सोडवावयाचा प्रश्न आहे. भाषांतरकारानें मात्र एका वाटेची पाटी दुसरीवर लावूं नये.

उरलेल्या शब्दांचा परामर्श थोडक्यांत घेतां येईल. 'लय' हा शब्द कानाला गोड आणि सर्वांच्या परिचयाचा. परंतु गाणें ऐकणाऱ्या घरांत लय म्हणजे विलंबित, मध्य आणि द्रुत. शिवाय वेदान्ताच्या शाळेंत लय हा एक दोष गणला आहे. 'वेदान्तसारा'ंत समाधीचीं जीं चार विघ्नें सांगितलीं आहेत त्यांत पहिलें तेंच, म्हणजे चित्ताला डुलकी लागणें. ज्या लेखिकेनें अवधानाला, डोळ्यांत तेल घालून जागें राहण्याला, प्रार्थनेचा दर्जा दिला तिच्या मुख्य शब्दासाठीं डुलकीचें नांव योजणें बरें नव्हे. पतंजलीचा 'प्रतिप्रसव' हा शब्द तर रचनेनें जवळजवळ हुबेहूब. प्रसवाच्या उलट तो प्रतिप्रसव. योगसूत्रांच्या अगदीं शेवटच्या सूत्रांत गुण आपलें काम संपवून ज्या उलट वाटेनें मूळ प्रकृतींत जातात तिचें हें नांव. पण धर्मशास्त्रज्ञांनीं तो अपवादाच्या अपवादाला देऊन टाकला आहे, आणि इतर वाचकांस तो सूतिकागृहाच्या दारावरचा वाटेल. 'प्रतिसर्ग' हा पुराणांच्या पंचलक्षणांतला शब्द. त्याचा अर्थ कोणी प्रलय असा करतात, कोणी पुन्हां होणारी सृष्टि असा करतात. अशा दुतोंडी शब्दानें आपलें काम भागणार नाहीं.

आणि मग जो शब्द प्रत्येक मराठी घरांत वर्षांतून एकदां तरी मोठ्यानें उच्चारला जातो तो आम्हांस सर्वांत शेवटीं आठवला. विसर्जन. 'सृज्' धातूपासून सृष्टि, सर्ग, सर्जन. आणि त्याच धातूला 'वि' लागून विसर्जन. 'क्रेआसिओं'ला 'दे' लागून जसा तो शब्द झाला तसाच हा झाला आहे, पण तो कोणी पंडितानें घडविलेला नाहीं. भाद्रपद शुद्ध चतुर्थीला शाडूची मूर्ति पाटावर येते. ती माती असते. प्राणप्रतिष्ठा झाली कीं ती माती राहत नाहीं. घरांतलीं मुलेंसुद्धां तिच्याकडे पाठ करून बसत नाहींत. दीड दिवसानें, पांच दिवसांनीं किंवा दहा दिवसांनीं उत्तरपूजा होते, अक्षता वाहून मूर्ति जागेवरून किंचित् हलवितात, आणि एवढ्याशा हलविण्यानें ती पुन्हां माती होते. मग पाण्यांत जाऊन ती विरते, आणि जातांना ज्या पाटावरून देव गेला त्याच पाटावर येतांना तेथली मूठभर वाळू किंवा ओली माती आणून ठेवतात. यांत कोणी मूर्ति फोडली असें म्हणत नाहीं. घरांतलीं माणसें रडवेलीं होतात, पण कोणी कोणाचा अपराधी नसतो.

नाश आणि विसर्जन यांतला फरक ज्यांस पुस्तकांतून कळत नाहीं त्यांनीं अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशीं पहांटे गिरगांव किंवा जुहूच्या किनाऱ्यावर जावें. शाडूची माती रात्रींत समुद्रांत मिळून गेलेली असते. प्लास्टर ऑफ पॅरिसच्या मूर्ति मात्र विरत नाहींत. ओहोटीबरोबर हात, सोंड, मुकुट असे तुकडे वाळूवर पडलेले दिसतात, आणि नगरपालिकेचे कामगार ते गोळा करतात. विधि तोच, मंत्र तेच, पण वस्तु परत जाण्याजोगी घडविलेलीच नव्हती. म्हणून जें झालें तें विसर्जन नव्हे, नुसतें बुडविणें. २०२० सालीं केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळानें अशा मूर्तींविरुद्ध सुधारित मार्गदर्शक सूचना काढल्या त्या पाण्याच्या काळजीनें. शब्दाच्या काळजीनेंहि त्या काढतां आल्या असत्या.

विसर्जनाच्या बाजूनें आणखी एक गोष्ट आहे, आणि आमच्या मनाचा कौल पडला तो तिच्यामुळें. संस्कृतांत हाच उपसर्ग आणि हाच धातु सृष्टि करण्यासाठींहि येतो. गीतेच्या नवव्या अध्यायांत कल्पाच्या आरंभीं भगवान् भूतें पुन्हां निर्माण करतात तेव्हां क्रियापद 'विसृजामि' हें आहे. आठव्या अध्यायांत 'विसर्ग' म्हणजे भूतांस उत्पन्न करणारा व्यापार. आणि भागवतानें दहा लक्षणांत सर्गाच्या पाठोपाठ विसर्ग सांगितला तोहि निर्मितीचाच प्रकार. रघूनें विश्वजित् यज्ञांत सर्वस्व दिलें तेथें कालिदास 'विसर्ग' म्हणतो तो दानाला. शब्दाच्या शेवटीं आपण जे दोन टिंब देतों आणि श्वास सोडतों तोहि विसर्ग. या साऱ्या अर्थांच्या पोटांत 'सोडणें' ही एकच गोष्ट आहे. देवानें सोडलें म्हणून सृष्टि झाली. आपण सोडलें कीं तिचें विसर्जन झालें. सिमोन वेलला जें सांगण्यासाठीं पानेंच्या पानें लिहावीं लागलीं, कीं निर्मिति हीहि एक माघार आहे आणि माणसाची माघार तिचेंच उत्तर आहे, तें या एका शब्दाच्या दोन टोकांत आधींपासून बसलेलें आहे. तिच्या फ्रेंच शब्दांत ही सोय नाहीं. भाषांतर मुळाहून एका बाबतींत सरस होण्याचे प्रसंग फार थोडे येतात, त्यांतला हा एक आहे.

यावर आक्षेप येतील, आणि कांहीं आलेहि. आमच्या एका तरुण मित्रानें पाठ्यपुस्तकांतल्या मलमूत्रविसर्जनाची आठवण दिली. देवाधर्माच्या शब्दांची अशी बदली खात्याखात्यांतून नेहमीं होत असते. त्याला इलाज नाहीं. सभा विसर्जित होते, विधानसभा विसर्जित होते, हा वापर मात्र आम्हांस उलट उपकारक वाटतो, कारण सभा मोडली आणि सभा विसर्जित झाली यांतला फरक कोणासहि कळतो. अधिक वजनदार आक्षेप असा कीं गणपति पुढल्या वर्षीं परत येतो, त्याला आपण तसें बजावूनच पाठवितों. सिमोन वेलच्या विचारांत हें परत येणें नाहीं. हें खरें आहे. याला आमच्यापाशीं पुरें उत्तर नाहीं. अस्थिविसर्जनांत परत बोलावणें नसतें एवढेंच सांगतां येईल. तिसरा आक्षेप, कीं येथें विसर्जन करणारा आणि ज्याचें करावयाचें तो एकच आहे. त्यासाठीं रवींद्रनाथांच्या 'विसर्जन' (१८९०) या नाटकाकडे बोट दाखवावें. त्यांत राजरक्ताची मागणी पुरी करण्यासाठीं जयसिंह आपलेंच रक्त देतो, आणि मग पुजारी रघुपति देवीची मूर्ति नदींत फेंकतो. एका नांवाखालीं दोन्ही गोष्टी आहेत, आणि त्यांतल्या कोणत्या गोष्टीला विसर्जन म्हणावें व कोणत्या गोष्टीला नाश, हा प्रश्न नाटककारानें प्रेक्षकांच्या पदरांत टाकला आहे.

तोच प्रश्न सिमोन वेलच्या मरणाविषयीं आहे, आणि आम्ही एका मथळ्यासाठीं इतका आटापिटा कां केला याचें कारणहि तेंच आहे. १९४३ सालच्या एप्रिलांत लंडन येथें तिला क्षयानें अंथरुणास खिळविलें. जर्मनांच्या ताब्यांतील देशबांधवांना जें मिळतें त्याहून अधिक आपण खाणार नाहीं असा तिचा हट्ट होता, असें तिच्या चरित्रकारांनीं लिहिलें आहे. २४ ऑगस्ट रोजीं केंट परगण्यांतील अ‍ॅशफर्ड येथील आरोग्यधामांत ती वारली. वय चौतीस. मृत्यूची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यानें निकाल दिला कीं, मनाचा तोल ढळलेल्या स्थितींत अन्न नाकारून तिनें आत्मघात केला. अमेरिकेंत असलेल्या आईबापांस ती शेवटपर्यंत पत्रें लिहीत होती. त्यांत आपण रुग्णालयांत आहों याचा उल्लेखहि तिनें केला नाहीं.

आतां मराठी वाचकानें तिच्या पुस्तकांत 'संहार' हा मथळा वाचला, 'मी'चा संहार करा हा उपदेश वाचला, आणि मग प्रस्तावनेंत हा शेवट वाचला, तर तो काय समजेल? त्या अधिकाऱ्यानें दिलेला निकाल लेखिकेनें आपल्या हातानें आधींच लिहून ठेवला होता, असेंच समजेल. ज्या भाषेंत 'प्रायोपवेशन' असा वेगळा शब्द आहे, आणि १९८२ सालीं पवनार येथें विनोबांनीं अन्न व औषध वर्ज्य केलें तेव्हां ज्या भाषेच्या घराघरांतून आत्मघात आणि देहत्याग यांच्या सीमेवर वाद झाले, त्या भाषेंत हा निष्काळजीपणा शोभत नाहीं. तिचें मरण हें तिच्या शिकवणीचें उदाहरण होतें असें आम्ही म्हणत नाहीं. क्षयाच्या रोग्याला अन्न जात नाहीं हेंहि खरें. आणि ज्या मुलीनें आपलें दुखणें आईपासून लपविलें तिच्या हट्टांत माया किती आणि कठोरपणा किती हें बाहेरच्यानें ठरवूं नये. परंतु प्रश्न उघडा ठेवणारा शब्द हातांशीं असतां तो मिटवून टाकणारा शब्द घालण्याचा अधिकार भाषांतरकारास नाहीं.

हें सारें आम्हीं कळविल्यावर तीन आठवडे उत्तर आलें नाहीं. आम्ही समजलों, स्नेही रागावले. मग एक लांबलचक पत्र आलें. मथळा बदलून त्यांनीं 'विसर्जन' केला होता. एका वाक्यांत मात्र 'संहार' तसाच ठेवला होता, कारण तेथें लेखिका नाशाविषयींच बोलत आहे; आणि तें बरोबर आहे. पण शेवटीं त्यांनीं आमच्यावरच डाव उलटविला होता. देक्रेआसिओंला विसर्जन म्हणावयाचें तर क्रेआसिओंला त्यांनीं सबंध पुस्तकभर वापरलेला 'निर्मिति' हा शब्द चालणार नाहीं, कारण मग जोडी कानाला ऐकूं येणार नाहीं. तेथें 'सर्जन' घातलें पाहिजे, आणि 'सर्जन' म्हणतांच अर्ध्या वाचकांस शस्त्रक्रिया करणारा डॉक्टर आठवेल, त्याचें काय करावयाचें तें कळवा, असें त्यांनीं विचारलें होतें. आम्हीं 'सृष्टि' सुचविला आहे. हस्तलिखित पुन्हां त्यांच्याकडे गेलें आहे.